जामीनदार म्हणून सही केली होती, आता माझ्या पगारातून १३,५०० कापले. नेमके किती कापता येतात?

कुपवाड_ऑपरेटर

नमस्कार मंडळी, थोडं सविस्तर लिहितो, कारण मला स्वतःलाच काय चाललंय ते कळंना झालंय. मी कुपवाड एमआयडीसीत एका मशीनशॉपमधे सीएनसी ऑपरेटर आहे, राहायला मिरजेत. पाच वर्षांपूर्वी आमच्याच शॉपमधल्या एका मित्राने पतसंस्थेतून ३ लाखाचं कर्ज काढलं, त्याला दोन जामीनदार लागत होते, एक मी आणि एक तासगावकडचा त्याचा पाहुणा. तेव्हा पाच-सहा कागदांवर सह्या घेतल्या, आम्ही पण केल्या, माणूस रोज शेजारच्या मशीनवर असायचा त्यामुळं शंका यायचं कारणच नव्हतं. मग तो नोकरी सोडून पुण्याला गेला आणि वर्षभरात हप्ते बंद. आता संस्था म्हणते व्याजासकट २,४६,००० बाकी.

गेल्या महिन्यात पगार झाला आणि मेसेज बघितला तर खात्यात फक्त १२,५००. एचआरकडे गेलो तर म्हणाले ‘पतसंस्थेचं पत्र आलंय, कोर्टाची ऑर्डर आहे, आम्हाला कापावंच लागतं, नाहीतर आमच्यावर येतंय’. माझा एकूण पगार २८,००० आहे, त्यात बेसिक डीए १८,०००, घरभाडं ६,०००, कन्व्हेयन्स ४,०००. पीएफ १,८०० आणि प्रोफेशनल टॅक्स २०० आधीपासून कटतोय. वरून हे १३,५००. घरभाडं, पोरीची शाळा आणि आईची औषधं १२,५०० मधे कशी बसवायची. कर्ज बुडवायचं माझ्या मनात नाही, सही केलीय तर द्यावं लागणार हे मान्य आहे, पण पगारातून किती कापायचं याला काही कायदा आहे का नाही? का ते म्हणतील तेवढं?

संभा_आष्टा

भाऊ, पतसंस्था असेल तर ७५ टक्क्यांपर्यंत कापता येतं. इतर कर्जाला ५० टक्के आणि सहकारी संस्थेला ७५, आमच्या कारखान्यात वर्षानुवर्षं असंच चालत आलंय. त्या हिशेबाने तुमचं निम्म्यापेक्षा कमीच कापलंय. पण एक करा, संस्थेला लेखी कळवा की आधी कर्जदाराकडून वसूल करा, त्याच्याकडं काहीच मिळालं नाही तरच जामीनदाराकडं या. तो पुण्यात कमावतोय ना, मग तुम्ही का भरायचं.

पगारबिल_तासगाव

मी वीस वर्षं पगारबिलं करतोय, माझं एकच सांगणं, सगळ्यात आधी तो कागद हातात घ्या. एचआरवाले ‘कोर्टाची ऑर्डर’ म्हणाले म्हणून ती कोर्टाची ऑर्डर होत नाही हो. आमच्याकडं टेबलावर तीन प्रकारचे कागद येतात आणि नवीन पोरं सगळ्यांना ऑर्डरच म्हणतात. एक असतं संस्थेचं मागणीपत्र, त्याला सोबत तुमच्याच सहीचं पगारकपातीचं संमतीपत्र जोडलेलं असतं. दुसरं वसुली अधिकाऱ्याचं पगारजप्तीचं पत्र, ते सहकार कायद्याच्या कलम १०१ च्या वसुली दाखल्यावरून येतं. आणि तिसरं खरोखर दिवाणी कोर्टाचं जप्तीचं वॉरंट, त्यावर कोर्टाचा शिक्का, दरखास्त (वसुलीसाठी कोर्टात केलेला अर्ज) नंबर सगळं असतं. कागद कुठला त्यावर किती कापायचं ते ठरतं. झेरॉक्स मागा, लेखी अर्ज देऊन मागा आणि त्या अर्जाची पोच घ्या. तुमच्या पगारातून पैसे जातायत तर कशाच्या आधारावर जातायत हे बघायचा हक्क तुम्हाला आहेच.

माझ्या अंदाजाने निम्म्यापेक्षा जास्त कापता येत नाही, म्हणजे २८ चे निम्मे १४,०००. जाणकारांनी सांगावं.

अ‍ॅड_विजयनगर

मी सांगलीत कोर्टात प्रॅक्टिस करते, वसुलीच्या दोन्ही बाजूंच्या केसेस बघितल्यात. वरती दोन-तीन गोष्टी चुकीच्या आल्यात, त्या आधी दुरुस्त करते, कारण त्या वाचून माणूस उगीच भलत्या भरवशावर राहतो.

संभा, ५० आणि ७५ टक्क्यांची ती मर्यादा १९३६ च्या वेतन प्रदान कायद्यातली, त्याच्या कलम ७ मधली. तो कायदा आता नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून वेतन संहिता २०१९ लागू झालीय आणि तिच्या कलम १८ मधे सरसकट ५० टक्के आहे, सहकारी संस्थेला वेगळी सवलत ठेवलेली नाही. आणखी एक फरक लोकांच्या लक्षातच आलेला नाही. जुना कायदा महिना २४,००० पर्यंतच्या पगारालाच लागायचा, म्हणजे २८,००० वाल्या कामगाराला त्याचं संरक्षणच नव्हतं. आता पगाराची अशी वरची मर्यादा नाही.

तासगावचे दादा, कागद आधी बघा हे तुमचं म्हणणं शंभर टक्के बरोबर, पण निम्मे कशाचे हे बघावं लागेल. संहितेत ‘वेतन’ म्हणजे बेसिक, डीए वगैरे. घरभाडं आणि कन्व्हेयन्स त्यात धरत नाहीत, फक्त असे वगळलेले भत्ते एकूण पगाराच्या निम्म्यावर गेले तर वरचा भाग वेतनात मिळवतात. इथं भत्ते १०,००० आहेत, २८ चे निम्मे १४, म्हणजे तो प्रश्न येत नाही. वेतन १८,०००, त्याचे निम्मे ९,०००. आणि हे ९,००० एकट्या पतसंस्थेसाठी नाहीत बरं का, सगळ्या कपाती मिळून आहेत. पीएफ १,८०० आणि पीटी २०० त्यातच मोजायचे. उरले ७,०००. माझ्या वाचनाप्रमाणे तुमच्या कंपनीला या कर्जापोटी महिन्याला ७,००० च्या वर कापता येत नाहीत, आणि त्यांनी १३,५०० कापलेत. कोर्टाच्या आदेशाने होणारी कपातसुद्धा कलम १८ च्याच यादीत आहे, त्यामुळं ‘ऑर्डर आहे’ म्हटलं म्हणून ही मर्यादा उठत नाही.

आता ‘आधी कर्जदाराकडं जा’ हे. असं सांगता येत नाही, वाईट वाटतं पण खरं आहे. करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, आणि सुप्रीम कोर्टाने १९६८ सालीच बँक ऑफ बिहारच्या केसमधे सांगितलंय की कर्ज देणाऱ्याने आधी कर्जदाराच्या मागे लागून थकलं पाहिजे अशी अट नाही. तुमच्या पगाराची चिठ्ठी दर महिन्याला ठरलेली, तुमचा पत्ता माहितीचा, म्हणून संस्था तुमच्याकडं आधी येणार.

बाकी कागद बघितल्यावर बोलू. आणि एक सांगा, तुम्ही मशीनवर स्वतः काम करता का सुपरवायझर आहात? हे का विचारतेय ते नंतर सांगते, महत्त्वाचं आहे.

शिक्षिका_कोरेगाव

कुपवाडचे दादा, तुमचं वाचून मला माझे ते दिवस आठवले. मी सातारा जिल्ह्यात जिल्हा परिषद शाळेत शिक्षिका आहे. मिस्टरांच्या धंद्याच्या कर्जाला मी जामीनदार होते, धंदा बसला, बँकेने दावा लावून हुकूमनामा (वसुलीचा कोर्टाचा निकाल) घेतला आणि पगारावर जप्ती आणली. तेव्हा माझा धरलेला पगार ६१,००० होता. कोर्टाचा हिशेब असा की पहिले १,००० सोडायचे, उरलेल्या ६०,००० चे दोन तृतीयांश म्हणजे ४०,००० सोडायचे, म्हणजे ४१,००० ला हात लावायचा नाही आणि २०,००० जप्त. दर महिन्याला शालार्थच्या (शिक्षकांच्या पगाराच्या) बिलात ती ओळ दिसायची आणि स्टाफरूममधे कुणी काही बोललं नाही तरी मला वाटायचं सगळ्यांना माहितीय. गुन्हा केल्यासारखी मान खाली घालून वावरले मी दोन वर्षं, तसं करायला नको होतं असं आता वाटतं.

पण सांगायचं हे की दोन वर्षांनी ते थांबायला पाहिजे होतं हे मला कुणी सांगितलंच नाही. पंचविसावा महिना कापला, सव्विसावा कापला. मुलाच्या वर्गमित्राचे वडील वकील, त्यांनी सहज विचारलं की किती महिने झाले ताई, तेव्हा कळलं की एकाच हुकूमनाम्याखाली चोवीस महिने जप्ती झाली की तो पगार त्या हुकूमनाम्यापुरता कायमचा सुटतो. कार्यालय आपणहून थांबवत नाही, त्यांच्याकडं ऑर्डर आहे तोवर ते कापत राहतात. आम्ही कोर्टात अर्ज दिला, मग बंद झालं आणि जास्तीचे दोन महिनेही परत आले. तुम्ही पहिल्या महिन्यापासून वहीत लिहून ठेवा, कुठल्या महिन्यात किती कापले ते. पगाराची स्लिप एकही टाकू नका.

कुपवाड_ऑपरेटर

सगळ्यांचे आभार, ताई तुमचं वाचून खरंच धीर आला. मॅडम, मी स्वतः मशीनवर असतो, तीन शिफ्ट, सुपरवायझर नाही, माझ्या हाताखाली कोण नाही.

आज अर्ज देऊन कागद घेतले. एचआरच्या साहेबांनी आधी का-कू केलं, पण पोच मागितल्यावर दिले. दोन कागद आहेत. एक संस्थेच्या लेटरहेडवर मॅनेजरच्या सहीचं पत्र, त्यात लिहिलंय ‘महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० कलम ४९ अन्वये दरमहा १३,५०० कपात करून पाठवावेत’, त्याला माझ्या सहीचं हमीपत्र जोडलंय. दुसरा कलम १०१ चा वसुली दाखला, त्यात कर्जदार आणि आम्ही दोघं जामीनदार अशी तिघांची नावं. कोर्टाचा शिक्का कशावरच नाही. हमीपत्रात ‘माझ्या पगारातून दरमहा रु.’ आणि पुढं मोकळी जागा, आकडा लिहिलेलाच नाही.

आणि हे पण सांगतो, दिवाळीच्या आधी उपनिबंधक ऑफिसची नोटीस आली होती घरी. आईने सही करून घेतली, मी वाचली आणि मित्राला फोन केला, तो म्हणाला मी बघतो, मी भरतो, म्हणून मी तारखेला गेलो नाही.

अ‍ॅड_विजयनगर

नोटिशीला जायला हवं होतं. हिशेब चुकलाय, व्याज जास्त लावलंय, भरलेले हप्ते धरले नाहीत, हे सगळं तिथं मांडायचं असतं. हे तुम्हाला दोष द्यायला लिहीत नाही, वाचणारे आणखी जामीनदार असतील त्यांच्यासाठी लिहितेय. मित्र कितीही म्हणू दे, नोटीस तुमच्या नावाची असेल तर तारखेला तुम्ही उभं राहायचं. आता दाखल्यावर सहकार कायद्याच्या कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज (दाखला वरच्या अधिकाऱ्याकडून तपासून घ्यायचा अर्ज) करता येतो, पण दाखला मिळाल्यापासून दोन महिन्यांत, आणि एकूण येणे रकमेच्या निम्मे आधी भरावे लागतात. म्हणजे तुमच्या बाबतीत १,२३,०००. हिशेबात खरोखर मोठी चूक असेल तरच त्या वाटेला जा.

आता तुमच्या कागदांचं. पगारावर जप्ती झालेलीच नाही. संस्थेने तुमच्या संमतीवरून कलम ४९ ची कपात मागितलीय. ते कलम खरं आहे, सभासदाने तसा करार करून दिला असेल तर मालकाला कपात करून द्यावीच लागते, नाही दिली तर ती रक्कम मालकावर बसते, म्हणून एचआर घाबरलंय ते खोटं नाही. पण त्याच कलमात शब्द असे आहेत की करारात नमूद केलेली रक्कम कापायची. तुमच्या करारात रक्कमच नमूद नाही. मग १३,५०० हा आकडा आला कुठून? हा पहिला लेखी प्रश्न एचआरला आणि संस्थेला. दुसरा मुद्दा वर सांगितलेला, करार काहीही असला तरी संहितेच्या कलम १८ च्या वर मालक जाऊ शकत नाही.

आता मी काम का विचारलं ते. उद्या संस्था म्हणेल ठीक आहे, संमती सोडा, आम्ही दाखल्यावरून वसुली अधिकाऱ्यामार्फत पगार जप्त करतो. तो अधिकार त्यांना सहकार कायद्याच्या कलम १५६ आणि त्याच्या नियमांतल्या नियम १०७ खाली आहे, पण पगारजप्ती दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० च्या चौकटीतच करावी लागते. कोरेगावच्या ताईंचा जो हिशेब, १,००० आणि दोन तृतीयांश, तो याच कलमातला. तुमच्या २८,००० ला तो लावला तर १९,००० सुटतात आणि ९,००० जप्तीला येतात. पण त्याच कलमात आणखी एक पोटकलम आहे, मजुरांची मजुरी. ती जप्तीतून पूर्णच वगळलीय, एक रुपयाही जप्त करता येत नाही, आणि खाली स्पष्टीकरणात लिहिलंय की मजूर म्हणजे कुशल, अकुशल, अर्धकुशल सगळे. तुम्ही स्वतः हाताने मशीन चालवणारे कुशल कामगार आहात, तुमचा पगार ही मजुरी आहे असं म्हणायला चांगला आधार आहे. संस्था म्हणेल हा मासिक पगारदार आहे, वाद होईल, पण जप्तीचं पत्र आलं तर हा मुद्दा पहिल्याच उत्तरात लेखी घ्या, नंतर सुचला असं नको. आणि ‘मी कलम ६० चं संरक्षण सोडतो’ असं कुणी लिहून मागितलं तर त्या कागदाला किंमत नाही, ६०(१अ) प्रमाणे असा करार रद्दच असतो.

हे वाचून मी अजिबात भरणार नाही असं मात्र ठरवू नका. पगाराला संरक्षण आहे, कर्ज तसंच उभं राहतं आणि व्याज चढतं. घर, गाडी, बचत यावर वसुली येऊ शकते. झेपेल असा आकडा ठरवून घेणं तुमच्याच फायद्याचं.

संभा_आष्टा

मॅडम धन्यवाद, ७५ टक्क्यांचं मला खरंच माहिती नव्हतं, आमच्या इथं अजून तोच हिशेब धरतात, उद्या ऑफिसात दाखवतो. एक विचारू का, माझ्या भावाचं पर्सनल लोन आणि पगाराचं खातं एकाच बँकेत आहे. हप्ता चुकला की बँक पगार आला की सगळाच वळता करून घेते, तिथं हे कलम ६० चालत नाही का?

अ‍ॅड_विजयनगर

तिथं मालक कापत नाही आणि कोर्ट जप्त करत नाही, बँक स्वतःच्या हातातल्या पैशावर करार कायद्याच्या कलम १७१ खालचा स्वतःचा हक्क सांगते, म्हणून हे दोन्ही कायदे तिथं सरळ लागत नाहीत. भावाला पगाराचं खातं दुसऱ्या बँकेत करायला सांगा, कंपनीला अर्ज दिला की होतं, आणि हप्त्याबद्दल बँकेशी वेगळं बोला.

पगारबिल_तासगाव

मॅडम, पोटगी असेल तर वेगळं असतं ना? आमच्याकडं एकाचा पगार बराच जातो.

अ‍ॅड_विजयनगर

हो, पोटगीच्या हुकूमनाम्यात कलम ६० खाली पगाराचा फक्त एक तृतीयांश सुटतो. बायकोपोरांच्या जेवणाचे पैसे आहेत ते, सावकाराच्या रांगेत त्यांना उभं करायचं नाही म्हणून. माझ्या मते योग्यच आहे.

आणि कुपवाडच्या भाऊंसाठी राहिलेलं एक. तुम्ही जे भराल ते मित्राकडून वसूल करायचा हक्क तुम्हाला आहे, करार कायदा कलम १४५. दुसऱ्या जामीनदाराने निम्मा वाटा उचलायचा, कलम १४६. दोन्हीला मुदत तीन वर्षं. मित्रावरची मुदत तुम्ही पैसे भरल्यापासून मोजायची, आणि दुसऱ्या जामीनदारावरची तुमच्या वाट्यापेक्षा जास्त भरल्यापासून. म्हणून स्लिपा आणि संस्थेच्या पावत्या जपा, तोच तुमचा पुरावा. मित्राला आत्ताच नोटीस पाठवा. कंपनीने ऐकलं नाही तर सांगलीच्या कामगार खात्याच्या ऑफिसात जादा कपातीचा दावा लावता येतो, वेतन संहितेत त्याला तीन वर्षं मुदत आहे. वकिलाचे पैसे नसतील तर विजयनगरला कोर्टाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, औद्योगिक कामगाराला तिथं उत्पन्न न बघता मोफत वकील मिळू शकतो, बायकांनाही तसंच.

कुपवाड_ऑपरेटर

तीन आठवड्यांनी लिहितोय, माफ करा, शिफ्ट आणि धावपळ.

मॅडमनी सांगितलेला हिशेब एका पानावर लिहून अर्ज दिला, १८ चे निम्मे ९, त्यातून २ गेले, राहिले ७. एचआरने त्यांच्या कन्सल्टंटला पाठवला, चार दिवसांनी बोलावलं. साहेब म्हणाले आम्ही जुन्या पद्धतीने चाललो होतो. या महिन्यात ७,००० कापले आणि गेल्या महिन्याचे जास्तीचे ६,५०० याच पगारात परत जमा केले. पगार बघितला आणि पहिल्यांदा आईच्या औषधाचं बिल भागवलं.

संस्थेत पण गेलो होतो, तासगावच्या दुसऱ्या जामीनदाराला बरोबर घेऊन. त्याला तर हे सगळं माहितीच नव्हतं, त्याची नोटीस जुन्या पत्त्यावर गेलेली. त्याची द्राक्षबाग आहे, पगार नाही, म्हणून संस्था त्याच्याकडं वळलीच नव्हती. तो भला माणूस निघाला, म्हणाला बागेचे पैसे आले की माझा वाटा मी भरतो, तसं त्याने मॅनेजरसमोर लिहून दिलं. मॅनेजर म्हणाले ७,००० नियमित येत असतील तर जप्तीचं पत्र काढत नाही. ते पण लेखी मागितलंय, अजून दिलेलं नाही, सोमवारी परत जाणार आहे. खातेउतारा मिळाला, त्यात मित्राने भरलेले दोन हप्ते दिसत नाहीत, त्याच्या पावत्या तो शोधतोय म्हणाला.

मित्राला स्पीड पोस्टाने नोटीस पाठवली, वरच्या सगळ्या कलमांसकट. पोचली की इथं कळवतो.